गुरुवारची हजेरी

लालासाहेब हवालदारांच्या पत्राला विष्णुपंतांनी उत्तर पाठवलं नव्हतं, त्याला पाच वर्षं झाली होती. पत्र हरवलं असतं तर निदान तसं म्हणायची सोय झाली असती. पण ते हरवलं नव्हतं. संस्कृत कोशाच्या दुसऱ्या खंडात ते चार घड्या घालून ठेवलेलं होतं, आणि त्याच्या घडीत आणखी एक लहानसं चिठोरं होतं. मास्तरकी संपवून सांगलीला मुलीकडे राहायला येताना विष्णुपंतांनी आपली बहुतेक पुस्तकं शाळेला देऊन टाकली. तो एक खंड मात्र मांडीवर घेऊन ते सबंध प्रवासभर मोटारीत बसले होते.

पत्र लष्करी टपालातून आलेलं, पातळ कागदाचं. वर तपासनिसाचा तांबडा शिक्का. अक्षर मोठं, आणि पेन्सिल इतकी दाबून धरलेली की दोन ठिकाणी कागद फाटला होता. मजकूर विष्णुपंतांना पाठ होता.

'मास्तरसाहेबांस लालासाहेब हवालदार याचा रामराम. माझी बायको कळविते की गुरुवारी पोरगा घरी होता. ती तापाने पडली होती, त्याने पेज करून घातली. सरकारी कागद म्हणतो की पोरगा शाळेत होता आणि दगड मारून पळाला. आम्ही पलटणीत हजेरीवर चालतो. हजेरीत असेल तो आहे, नसेल तो नाही. तरीपण बायको आजवर माझ्याशी खोटे बोलली नाही. सबब ज्याने हजेरी घेतली त्यालाच विचारतो. पोरगा कुठे होता? तुम्ही लिहाल ते खरे धरीन. तुमचे पत्र येईतोवर घरी पत्र टाकणार नाही.'

उत्तर लिहायला घेतलंच नाही असं नाही. 'आपले पत्र पावले' एवढं विष्णुपंतांनी कितीदा तरी लिहिलं होतं. पुढे हात चालत नसे.

*

बेचाळीस सालचा श्रावण संपत आला होता. कृष्णाकाठच्या त्या तालुक्याच्या गावात विष्णुपंत सव्वीस वर्षं इंग्रजी आणि संस्कृत शिकवत होते. माणूस भिडस्त. रस्त्यात पालक दिसले की छत्री पुढे धरून बाजूने निघून जायचा. हेडमास्तर आजारपणाच्या रजेवर पुण्याला गेले आणि नेमक्या त्या दिवसांत शाळेचा कारभार विष्णुपंतांच्या गळ्यात आला. रोज कुठे ना कुठे तारा तुटत होत्या. शेजारच्या तालुक्यात एका शाळेत लोक घुसले आणि त्यांनी दप्तर मैदानात आणून पेटवलं, अशी बातमी आली. त्यात ग्रंथालयाचं कपाटही गेलं म्हणे.

आणि सोमवारी सकाळी दाराखालून आत सरकवलेली चिठ्ठी सापडली. 'गुरुवारी शाळा बंद ठेवा. न ठेवल्यास आम्ही बंद करू.'

ती चिठ्ठी हातात घेऊन विष्णुपंत ग्रंथालयाच्या खोलीत जाऊन बसले. चार कपाटं होती. सव्वीस वर्षांत एकेक पुस्तक निवडून, मागवून, पाठीला कापड चिकटवून त्यांनी ती भरली होती. शाळा आपण होऊन बंद ठेवावी, तर शाळाच कायमची बंद करण्याचा हुकूम वरून येईल, असं मामलेदार दोनदा बजावून गेले होते. उघडी ठेवावी, तर ही चिठ्ठी. मोर्चावाल्यांबद्दल त्यांच्या मनात राग नव्हता. खरं म्हणजे पोरांच्या धिटाईचं त्यांना कौतुकच वाटे, पण ते त्यांनी कुणाला, अगदी बायको होती तेव्हा तिलाही, बोलून दाखवलं नसतं. दुपारपर्यंत त्यांनी तीन वेळा मन बदललं आणि शेवटी मामलेदारांना अर्ज लिहिला की मुलांच्या सुरक्षिततेसाठी शाळेला पोलीस पहारा मिळावा. 'मुलांच्या' हा शब्द लिहिताना डोळ्यांपुढे कपाटं होती, हे त्यांचं त्यांना माहीत होतं.

संध्याकाळीच पहारा आला. एक जमादार आणि चार शिपाई. जमादार हंबीरराव, चाळिशी उलटलेला, गलमिशांचा माणूस. त्यांनी कवायतीच्या मैदानाच्या कोपऱ्यात तीन दगड मांडून चूल केली, व्हरांड्यात वळकट्या टाकल्या आणि फाटकावर दोघे लाठ्या घेऊन उभे राहिले.

मंगळवारी सकाळी शाळेचा शिपाई दादासो कुरकुरत आला. "मास्तर, ही शाळा हाय का चौकी? घंटा वाजवायला गेलो तर घंटंच्या खांबाला आरसा टांगून एक जण दाढी करतुया."

"मग?"

"मग काय? दाढी हुईस्तवर थांबलो. शाळा पाच मिन्टं उशिरा भरली. सरकारी कामच हाय म्हना ते बी."

पाठोपाठ फौजदार आले. बसा म्हणायच्या आत खुर्ची ओढून बसले.

"तुम्ही संरक्षण मागितलंत, आम्ही दिलं. आता आमचं एक काम. रोज अकरा वाजता गैरहजर मुलांची यादी जमादाराकडे द्यायची."

"यादी कशाला?" विष्णुपंतांनी विचारलं. आवाज त्यांच्याच कानाला बारीक वाटला.

"जो शाळेत नाही तो मोर्चात. सरळ हिशेब आहे."

"पण एखादा आजारी असतो, साहेब. रजेची चिठ्ठी येते."

"चिठ्ठी!" फौजदार हसले. "सध्या या तालुक्यातल्या समस्त आया आजारी आहेत, मास्तर. चिठ्ठ्या तुमच्याकडे ठेवा. मला नावं हवीत. तुमचा हजेरीपट म्हणे फार नावाजलेला आहे."

ते खरं होतं. सव्वीस वर्षांत विष्णुपंतांच्या हजेरीपटात एकही खाडाखोड झालेली नव्हती. दुसरे मास्तर आधी पेन्सिलीने टिंबं देत आणि शनिवारी त्यावर शाई फिरवत. विष्णुपंत पोराचं नाव पुकारत, पोराकडे बघत, आणि मग शाईने एकदाच लिहीत. हजर असेल तर 'ह', नसेल तर 'गै'. तपासणीला आलेले इन्स्पेक्टर तो पट बाकीच्या मास्तरांना दाखवत. विष्णुपंतांना जगात अभिमान असलाच तर त्या पटाचा होता.

मंगळवारी मॅट्रिकच्या वर्गात दोघे गैरहजर होते. विष्णुपंतांनी नावं लिहून दिली. त्यातल्या एकाला गोवर आला होता. त्याला घोंगडीसकट उचलून चौकीवर नेलं आणि दिवसभर बाकावर बसवून ठेवलं. संध्याकाळी त्याचा बाप शाळेच्या फाटकाशी येऊन उभा राहिला. विष्णुपंतांच्या तोंडाकडे बघत राहिला आणि निघून गेला. त्या रात्री विष्णुपंतांना जेवण गेलं नाही.

*

गुरुवारी मामलेदारांच्या सांगण्यावरून खालच्या इयत्तांना सुट्टी दिली होती. मॅट्रिकचा वर्ग मात्र भरलाच पाहिजे, असा हुकूम होता. सकाळी फाटकाशी ज्ञानू नावाचा सहावीतला मुलगा भेटला. नदीपलीकडच्या गावातून रोज चालत येणारा. त्याने टोपीतून एक चिठोरं काढून दिलं.

"आकारामनं दिलीया. त्येची आई लय आजारी हाय, मास्तर. हिवतापानं नुसती उडतीया."

विष्णुपंतांनी ती तिथेच वाचली. 'माझी आई मनुबाई हिला ताप असून घरी दुसरे कोणी नसल्यामुळे आज एक दिवसाची रजा मिळावी. आपला आज्ञाधारक, आकाराम लालासाहेब.' खाली तारीख. अक्षर नेहमीसारखं उजवीकडे कललेलं. आकाराम हुशार नव्हता, पण सरळ होता. पाठ आला नाही तर 'आला न्हाई' म्हणून उभा राहायचा, थापा मारत नसे. विष्णुपंतांनी चिठ्ठी कोटाच्या खिशात ठेवली आणि ज्ञानूला घरी पाठवलं.

अकरा वाजायला दहा मिनिटं असताना ते वर्गात आले. एकतीस मुलांचा वर्ग. बाकांवर तेवीस. आठ जागा रिकाम्या. सात कुठे होते ते सगळा वर्ग जाणून होता. नदीच्या बाजूने घोषणांचा आवाज वाऱ्याबरोबर मधूनच येत होता. आठवा आईला पेज भरवत होता.

दारात हंबीरराव यादीसाठी येऊन उभा राहिला.

विष्णुपंतांनी दौतीत टाक बुडवला. पहिलं नाव पुकारलं. मुलगा 'हजर' म्हणाला. 'ह' लिहिला. दुसरं नाव. 'ह'. तिसरं नाव एका रिकाम्या जागेचं होतं. ते त्यांनी पुकारलं. त्यांच्या डोळ्यांपुढे तो घोंगडीतला मुलगा आला. टाकाच्या टोकावर शाईचा थेंब जमला होता. क्षणभर आणखी थांबले असते तर तो पटावर पडला असता. त्यांनी 'ह' लिहिला.

मग ते थांबले नाहीत. आकारामच्या नावाशी आल्यावर हात खिशाकडे गेला. पण रजा लिहिली तर शिपाई त्याच्या घरी जाणार, तापाने फणफणलेल्या बाईसमोरून पोराला उचलणार. त्यांनी तिथेही 'ह' लिहिला. आयुष्यात पहिल्यांदा त्यांनी खोटं लिहिलं, आणि त्यांना भीती वाटायच्या ऐवजी छातीत काहीतरी हलकं झाल्यासारखं वाटलं.

"जमादार, आज सगळे हजर आहेत," ते म्हणाले.

हंबीररावने वर्गावरून नजर फिरवली. रिकाम्या जागांवरून ती सावकाश गेली. मिशीला हात लावून तो म्हणाला, "बरं झालं मास्तर. मला बी वड्यापातुर हिंडून कट्टाळा आलाय. सगळी हजर, असं सांगतो मी सायबास्नी."

जाताना वर्गाच्या दाराशी थांबून तो हळूच पुटपुटला, "माझा बी एक पोरगा हाय शाळंत. आटपाडीला."

बारा वाजता मोर्चा आला. आधी धुरळा, मग आवाज. आवाज इतका जवळ आला की मुलांच्या हातातल्या वह्यांकडे कुणाचं लक्ष राहिलं नाही. विष्णुपंतांनी खिडक्या लावून घ्यायला सांगितल्या. तिकडच्या दोन मुलांनी त्या लावल्यासारख्या केल्या. फाटकाबाहेर तीन-चारशे माणूस असेल. पुढे बायका होत्या. "शाळा सोडा! बाहेर या!" फाटक गदागदा हलत होतं, आणि हंबीरराव त्याला पाठ लावून नव्हे, तोंड करून उभा होता, शाळा त्याच्या मागे, माणसं पुढे.

"माय, मागं व्हा! आवं, लाठी उगारायला लावू नगासा," तो ओरडत होता. "शाळा हाय ही, कचेरी न्हवं!"

"मंग पोलीस कशाला बसवलाय शाळंत?" एक म्हातारी खणखणीत आवाजात म्हणाली. "पोरं काय चोर हायती? का मास्तर?"

माणसं हसली. हंबीररावही ओठांत हसला असावा. उत्तर द्यायच्या आधी त्याने मागे शाळेकडे मान वळवली, आणि त्याच वेळी शाळेच्या बाजूने एक दगड भिरभिरत आला. तो त्याच्या डोळ्यावर बसला.

दगड कुणी मारला, ते आजही कुणाला ठाऊक नाही. खिडकीतून आला, की व्हरांड्याच्या कोपऱ्यातून, की मागच्या भिंतीवर कुणी चढलं होतं, हे कुणी पाहिलं नव्हतं. निदान तसं कुणी सांगितलं नाही. पुढे लाठ्या चालल्या, मोर्चा पांगला, आणि हंबीररावला बाजेवर घालून दवाखान्यात नेलं. डोळा वाचला नाही.

फौजदार अर्ध्या तासात आले. फाटक बंद करून घेतलं. "दगड आतून आलाय. हजेरीपट आणा."

पट आणला. त्यांनी स्वतः नावं वाचली आणि मुलं मोजली.

"एकतीस हजर. इथे तेवीस. म्हणजे अकरा वाजता शाळेत असलेले आठ जण आता नाहीत." त्यांनी पट मिटला. "दगड मारून मागच्या भिंतीवरून पळाले. मास्तर, तुमच्या पटाचे उपकार झाले. नाहीतर या तेवीस जणांना सोलून काढावं लागलं असतं."

विष्णुपंत तोंड उघडून उभे होते. आठ जण शाळेत नव्हतेच, एवढंच सांगायचं होतं. पण ते सांगितलं की दगड मारणारा या तेवीस जणांतलाच ठरणार होता. तेवीस जण त्यांच्याकडे बघत होते. त्यांतला एक तर थरथरत होता. का थरथरतोय हे विचारायचीसुद्धा विष्णुपंतांना छाती झाली नाही.

त्यांनी तोंड मिटलं.

सात जण घरी सापडले नाहीत. ते मोर्चातून परस्पर डोंगरात गेले होते. आठवा सापडला, कारण तो घरीच होता. चुलीपुढे बसून काढा उकळत होता, म्हणतात.

*

खटला साताऱ्याला चालला. विष्णुपंतांना साक्षीला बोलावलं. त्यांनी तोच काळा कोट घातला होता, आणि चिठ्ठी त्याच खिशात होती. दाखवायची, असं त्यांनी वाटेत ठरवलं. दाखवायची नाही, असं कोर्टाच्या पायरीवर ठरवलं. बाकावर हंबीरराव बसला होता, अर्ध्या तोंडावर पट्टी. त्याने उरलेल्या डोळ्याने विष्णुपंतांकडे पाहिलं आणि मान खाली घातली. आठ जागा रिकाम्या होत्या हे त्यालाही माहीत होतं. ते बाहेर आलं असतं तर खोटी यादी वर पाठवली म्हणून त्याचीही नोकरी गेली असती. डोळा आधीच गेला होता.

"ही हजेरी तुमच्या हातची?" सरकारी वकिलाने विचारलं.

"होय."

"तुमच्या पटात सव्वीस वर्षांत एकही खाडाखोड नाही, हे खरं?"

"होय."

"आरोपी म्हणतो, मी त्या दिवशी घरी होतो, चिठ्ठी पाठवली होती. अशी चिठ्ठी तुम्हांला मिळाली?"

आकाराम पिंजऱ्यातून बघत होता. त्याच्या चेहऱ्यावर राग नव्हता. वर्गात फळ्यावरचं गणित मास्तर आता सोडवून दाखवतील म्हणून मुलं बघतात, तसा तो बघत होता. मागे भिंतीला टेकून मनुबाई उभी होती, तापातून उठलेली, पदराचं टोक दातांत धरून.

विष्णुपंतांच्या मनात तेवीस आकडा होता. आणखीही काहीतरी होतं. फौजदार, कोठडी, वर्तमानपत्रात आपलं नाव. त्या दोहोंतलं जड कुठलं होतं, हे त्यांना तेव्हा कळलं नाही आणि पुढे पाच वर्षं विचार करूनही कळलं नाही.

"पटात लिहिलंय ते बरोबर आहे," ते म्हणाले.

आकारामला एक वर्षाची सक्तमजुरी झाली. दोन महिन्यांनी हवालदारांचं पत्र आलं.

पहिली दोन वर्षं विष्णुपंत स्वतःची समजूत घालत की खरं लिहिलं तर तपासनीस ते फोडतील आणि तेवीस मुलं पुन्हा कचाट्यात सापडतील. मग मुलं पास होऊन पांगली. मग युद्ध संपलं. डोंगरातले सातही परत आले, खटले काढून घेतले गेले. कारणं एकामागून एक संपली आणि पत्र मात्र कोशात तसंच राहिलं. आता इतक्या उशिरा काय लिहायचं, हे एकच कारण उरलं, आणि ते दर वर्षी आणखी जड होत गेलं.

*

सत्तेचाळीसच्या दिवाळीनंतरची गोष्ट. सांगलीला वाचनालयातून परतताना हळदीच्या पेठेतून विष्णुपंत चालले होते. एका अडत्याच्या दुकानासमोर हरिपूरच्या जमिनीखालच्या पेवांतून आलेली हळदीची पोती उतरत होती. पोती मोजणारा माणूस अचानक पुढे आला आणि वाकला.

"मास्तर! वळखलं न्हाई व्हय? मी आकाराम."

हात कोपरापर्यंत पिवळे. विष्णुपंतांच्या धोतराला हळद लागू नये म्हणून त्याने नमस्कार पायांपासून वीतभर दुरूनच केला होता. विष्णुपंतांना छत्री पुढे धरावीशी वाटली. पण ऊन नव्हतं आणि छत्रीही नव्हती.

"इथे असतोस?" ते म्हणाले.

"दोन वर्सं झाली. गावाकडं राहून काय करू? बाप पेन्शन घिऊन आलाय."

"मग... बरं झालं की."

"कशाचं बरं!" आकाराम हसला, पण ते हसू लवकर विझलं. "बोलत न्हाई माझ्यासंगं. एका वळीत जेवाय बसत न्हाई. आवं, गाव माझ्या गळ्यात हार घालाय निघालंय. म्हणतं, आकारामनं पोलिसाचा डोळा फोडला. मी म्हनतो, म्या न्हाई फोडला. तर लोक म्हणत्यात, बघा कसा गुणी हाय, मोठेपना न्हाई. बाप तेवढा एकटाच खवळतोय. म्हणतो, 'दगुड मारलास तर मारलास, मी पाठ थोपटीन. पर आईला खोटं का बोलाय लावलंस? ती मला परमुलखात खोटं कळवती, ते तुझ्यापायी.'"

"आणि आई?"

"ती काय करंल? पयल्यांदा शपथा घातल्या तिनं. वर्गातली पोरं बी सांगत्यात, मास्तरनं सगळ्यास्नीच हजर लिवलं, तर बाप म्हणतो, दोस्तासाठी बोलत्यात. आता गप झालीया. बाप तिला म्हणतो, मी मास्तरला कागुद टाकला हुता, खरं असतं तर मास्तरनं एका वळीनं कळवलं असतं. गप राहिला, म्हंजे तुमची लाज राखली त्यानं."

विष्णुपंतांनी दुकानाच्या फळीला हात टेकला. आपलं न लिहिणं हेच त्या घरात उत्तर म्हणून पोचलं होतं, हे त्यांना आजवर सुचलंच नव्हतं.

"तुमचा काय दोस मास्तर," आकाराम म्हणाला. "तुमास्नी चिठ्ठीच पोचली न्हाई, मी घरी हुतो ते कसं कळंल? ज्ञान्यानं कुठंतरी हरवली, आन् म्हणतो दिली. तवापास्नं मी त्येच्याशी बोलत न्हाई. गावाकडं आमची घरं एकाच गल्लीत, पर न्हाई." मग चेहरा बदलून तो म्हणाला, "आन् शाळंत तुमचा सत्कार हाय म्हनं, पुढल्या म्हैन्यात? पोलीस बसलं असताना तुमी एका पोराचं नाव दिलं न्हाई म्हून? मी येनार हाय बरं का बघाय."

त्या सत्काराचं बोलावणं विष्णुपंतांच्या टेबलावर पडून होतं. सुहासिनीने, त्यांच्या मुलीने, त्यासाठी नवं धोतर-उपरणंसुद्धा आणून ठेवलं होतं.

"आकाराम," ते म्हणाले. "ती चिठ्ठी..."

"ए आकाराम!" आतून अडत्या ओरडला. "पोती का मास्तरच मोजणार हाईत?"

"आलो, आलो! काय म्हणत हुता, मास्तर?"

विष्णुपंतांनी त्याच्या पिवळ्या हातांकडे पाहिलं. "काही नाही. वडील गावीच असतात ना?"

"व्हय. दारातच बसून असतोय."

*

घरी येऊन त्यांनी कोट काढला नाही. कोशाचा दुसरा खंड काढला, पत्र आणि चिठ्ठी टेबलावर ठेवली, आणि कागद ओढला.

पहिला कागद त्यांनी फाडला, कारण त्यात 'परिस्थितीवशात्' असा शब्द आला होता. दुसरा फाडला, कारण त्यात तेवीस मुलांची हकिकत दीड पान झाली होती आणि वाचणाऱ्याने मास्तरची कीव करावी अशी ती लिहिली गेली होती. सुहासिनी चहा ठेवून गेली, थंड झालेला घेऊन गेली.

"बाबा, कुणाला एवढं लिहिताय? शाळेला?"

"शाळेलाही लिहीन. सत्काराला येत नाही म्हणून."

"अहो, पण का?"

"हे वाच म्हणजे कळेल. पण आधी लिहून होऊ दे. नाहीतर होणार नाही."

ती दार लोटून गेली. तिसऱ्या कागदावर त्यांनी लिहिलं:

'लालासाहेब हवालदार यांस विष्णुपंतांचा नमस्कार. आपण विचारलेत की मुलगा कुठे होता. तो घरी होता. सोबतची चिठ्ठी मला त्याच दिवशी सकाळी, अकराच्या आधी, मिळाली होती. ती खिशात असताना मी त्याला हजर लिहिले, आणि ती खिशात असतानाच कोर्टात ते बरोबर आहे म्हणून सांगितले. हजर लिहिले ते मुलांना पोलिसांपासून वाचवावे म्हणून. कोर्टात गप्प राहिलो ते काही अंशी दुसऱ्या मुलांसाठी आणि काही अंशी भीतीने. आपल्या पत्नी खरे बोलल्या. आकाराम खरे बोलला. ज्ञानूने चिठ्ठी माझ्या हातात दिली होती, हेही आकारामला सांगावे. हजेरी खोटी होती. हे पत्र कुणालाही दाखवण्यास हरकत नाही. आपल्याला दारात उभे करावेसे वाटले, तर मी येऊन मनुबाईंच्यासमोर हेच बोलेन.'

'काही अंशी' हे शब्द त्यांनी दोन्ही ठिकाणी खोडले, पुन्हा लिहिले, मग दुसऱ्या ठिकाणी पुन्हा खोडून वर 'पुष्कळ अंशी' असं घातलं. पान घाण दिसायला लागलं. नक्कल करायला त्यांनी नवा कागद घेतलाही. पण नक्कल उद्यावर जाईल आणि उद्या परवावर, हे त्यांना अनुभवाने माहीत होतं. त्यांनी त्याच कागदाची घडी केली, चिठ्ठी त्याच्या आत ठेवली आणि पाकीट चिकटवलं.

पोस्ट बंद व्हायला पंधरा मिनिटं होती. ते इतक्या झपाट्याने चालले की ओळखीच्या दोघांनी रस्त्यात वळून बघितलं. रजिस्टरच्या खिडकीशी एकच माणूस पुढे होता. तेवढ्या वेळात त्यांच्या मनात दोनदा आलं की परत फिरावं, उद्या सकाळी स्वतःच गावी जाऊन सांगावं, ते जास्त बरं नाही का? ते जास्त बरं होतं. आणि पत्र गेल्याशिवाय ते आपल्याच्याने होणार नाही, हेही त्यांना ठाऊक होतं.

"आजोबा, द्या." कारकुनाने पाकीट घेतलं, चाचपलं. "आत काय आहे? दस्तऐवज?"

"रजेची चिठ्ठी," विष्णुपंत म्हणाले.

"कुणाची?"

"एका विद्यार्थ्याची. पोचायला उशीर झाला."

कारकुनाला ते काही उमगलं नाही. त्याने तिकिटं चिकटवली, दोन शिक्के मारले, पावती खिडकीतून बाहेर सरकवली आणि मागे न बघता पाकीट पिशवीत टाकलं.